गृहकर्ज शेवटी कितीला पडते? ५० लाखांच्या कर्जाचा सविस्तर हिशेब

बिल्डरच्या साइट ऑफिसात कर्जाचा प्रतिनिधी टेबल टाकून बसलेला असतो आणि समोरचे जोडपे त्याला बहुधा एकच प्रश्न विचारते: "हप्ता किती बसेल?" आकडा ऐकून नवरा-बायकोने एकमेकांकडे पाहिले, की तो कॅल्क्युलेटरवर दोन बटणे दाबतो आणि म्हणतो, "पाच हजारांनी कमी करून देतो, काळजी करू नका." घर तेच, कर्ज तेच, व्याजदरही तोच, त्याने फक्त २० वर्षांची मुदत ३० वर्षांची केलेली असते. दरमहा वाचलेल्या त्या पाच हजारांची किंमत ३४ लाख रुपये आहे, ही गोष्ट त्या टेबलावर कोणी बोलत नाही.

हा लेख पुण्यात ६५ लाखांची सदनिका घेणाऱ्या एका कुटुंबाचे उदाहरण धरून लिहिला आहे. कर्ज ५० लाख, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. तुमचे आकडे वेगळे असतील, पण हिशेबाची रीत बदलत नाही. वही-पेन चालेल, एक्सेल किंवा गूगल शीट्स असेल तर काम अर्ध्या तासाचे आहे.

पहिली पायरी: परतफेडीचा तक्ता स्वतः मांडा

बँक मागितल्यावर परतफेडीचा तक्ता देते, तरीही तो एकदा स्वतः मांडावा असे माझे आग्रहाचे सांगणे आहे, कारण आकडे आपल्या हाताने खाली उतरताना पाहिल्याशिवाय कर्ज म्हणजे काय ते उमगत नाही. पाच रकाने करा: महिना, सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, अखेरची शिल्लक. सुरुवातीच्या शिलकीला वार्षिक दराने गुणून १२ ने भागले की त्या महिन्याचे व्याज मिळते. हप्त्यातून ते वजा केले की उरते ती मुद्दलाची परतफेड. ती शिलकीतून वजा करायची आणि पुढच्या ओळीवर जायचे. हप्ता काढण्यासाठी शीटमध्ये पीएमटी हे सूत्र तयार मिळते.

आपल्या उदाहरणात हप्ता ४३,३९१ रुपये येतो. पहिल्या महिन्याचे व्याज ३५,४१७ आणि मुद्दल केवळ ७,९७४. दुसऱ्या महिन्यात व्याज ३५,३६० आणि मुद्दल ८,०३१. म्हणजे पहिल्या हप्त्यातील दर १०० रुपयांपैकी जवळपास ८२ रुपये व्याजात जातात. यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. शिल्लक मोठी असताना व्याजही मोठे असणारच, हे साधे गणित आहे. मात्र त्याचे परिणाम पाहून भलेभले चमकतात. पाच वर्षांनी तुम्ही २६ लाख ३ हजार रुपये भरलेले असतात आणि कर्ज उतरलेले असते ५ लाख ९४ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे बरोबर निम्म्या मुदतीला, ५२ लाख भरूनही जवळजवळ ३५ लाख बाकी असतात. मुद्दल निम्मे होण्यासाठी १३ वर्षे १० महिने लागतात.

एकूण भरणा १ कोटी ४ लाख १४ हजार. त्यातले व्याज ५४ लाख १४ हजार. हा आकडा वहीच्या वरच्या कोपऱ्यात लिहून ठेवा. पुढच्या प्रत्येक पायरीवर तो वर-खाली होणार आहे.

दुसरी पायरी: मुदत बदलून पाहा

आता दर आणि कर्ज तसेच ठेवून फक्त मुदत बदला.

१५ वर्षे: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार.
२० वर्षे: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४ लाख १४ हजार.
२५ वर्षे: हप्ता ४०,२६१, एकूण व्याज ७० लाख ७८ हजार.
३० वर्षे: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८ लाख ४० हजार.

या चार ओळी खालून वर वाचल्या तर अधिक बोलतात. २५ वर्षांवरून ३० वर जाताना हप्ता अवघा १,८०० रुपयांनी उतरतो आणि व्याज साडेसतरा लाखांनी चढते. मुदत जितकी लांबवाल तितका हप्त्यातला दिलासा आटत जातो, कारण मुदत कितीही लांबवली तरी हप्ता पहिल्या महिन्याच्या ३५,४१७ रुपये व्याजाच्या खाली जाऊ शकत नाही. उलट २० वर्षांवरून १५ वर येण्यासाठी महिन्याला ५,८४६ रुपये जास्त मोजावे लागतात आणि त्यातून साडेपंधरा लाखांचे व्याज वाचते. लोक पाव टक्का कमी दरासाठी चार बँकांच्या पायऱ्या झिजवतात, ते योग्यच आहे, पण त्याहून कितीतरी मोठा फरक मुदतीच्या चौकटीत कोणता आकडा लिहिला जातो यावर ठरतो. तो मात्र अनेकदा प्रतिनिधीच भरतो.

असे असले तरी १५ वर्षांचाच हट्ट धरावा असे मी म्हणणार नाही. नोकरीची खात्री नसेल, घरात एकच कमावता असेल, तर २० वर्षांची मुदत घेऊन जमेल तसे जादा भरणे हा शहाणपणाचा मार्ग आहे. जादा भरणे तुमच्या मर्जीवर असते, हप्ता मात्र चुकवता येत नाही.

तिसरी पायरी: दर बदलला तर काय, हे आधीच काढून ठेवा

आपल्याकडची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, म्हणजे बँक स्वतः ठरवत नाही अशा दराशी, जोडणे बंधनकारक आहे आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर, निवडला आहे. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे रेपोवर बँक चढवते ती टक्केवारी. रेपो हलला की किमान तीन महिन्यांतून एकदा तुमचा दरही बदलतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम लागू नाही. त्या स्वतःचा आधारदर ठरवतात, त्यामुळे रेपो उतरला तरी तिथे कपात यायला वेळ लागू शकतो.

दर वाढला की दोन गोष्टी घडू शकतात: हप्ता वाढतो किंवा मुदत वाढते. कर्जदाराने काही कळवले नाही तर बँका बहुधा मुदत वाढवतात, कारण त्यात कोणी तक्रार घेऊन येत नाही. आपल्या उदाहरणात दर ८.५ वरून ९.५ टक्के झाला आणि हप्ता ४३,३९१ च राहिला, तर २४० हप्त्यांऐवजी ३०९ हप्ते भरावे लागतील. ती ६९ हप्त्यांची वाढ म्हणजे जवळपास ३० लाख रुपये. त्याऐवजी हप्ताच ४६,६०७ केला, तर २० वर्षांत जादा जातील ७ लाख ७२ हजार. एकाच दरवाढीची ही दोन बिले आहेत आणि कोणते भरायचे ते निवडण्याचा हक्क तुमचा आहे. आणखी एक टक्का वाढून दर १०.५ झाला, तर पहिल्या महिन्याचे व्याजच ४३,७५० होते, म्हणजे हप्त्याहून जास्त. अशा वेळी कर्ज फिटत तर नाहीच, उलट वाढत जाते.

हे कागदावरचे भय नाही. माझ्या धाकट्या भावाने डिसेंबर २०२० मध्ये ३० लाखांचे कर्ज ६.९ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,०७९. पहिल्या हप्त्यात ५,८२९ रुपये मुद्दलात गेले होते. पुढे मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. बँकेचा संदेश आला तो एवढाच, की आपल्या कर्जाचा व्याजदर बदलला आहे. हप्ता तोच राहिल्यामुळे त्याने तो वाचून सोडून दिला. एप्रिल २०२३ चे विवरण आम्ही दोघांनी जेवणाच्या टेबलावर पसरले, तेव्हा २३,०७९ पैकी २२,४६० रुपये व्याजाच्या रकान्यात होते आणि मुद्दलाच्या रकान्यात ६१९. त्याने चष्मा काढला, पुसला आणि तो आकडा पुन्हा वाचला. त्याच हप्त्याने पुढे जायचे म्हटले तर आणखी ४६० हून अधिक महिने लागले असते, म्हणजे ३८ वर्षांहून जास्त. त्याने दुसऱ्या दिवशी शाखेत अर्ज देऊन हप्ता सुमारे ४,७०० रुपयांनी वाढवून घेतला, तेव्हा कर्जाची अखेरची तारीख मूळ जागी आली.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने याच प्रकारावर बोट ठेवले. दर बदलताना हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कर्जदाराला कळवणे, हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, दोन्ही थोडे थोडे करायचे की काही रक्कम आधी भरायची याचा पर्याय देणे, आणि मुदत वाढवल्यामुळे हप्ता व्याजालाही पुरेनासा होणार नाही याची काळजी घेणे, हे त्या परिपत्रकाने कर्जसंस्थांवर घातले. दर तिमाहीचे विवरणही सोप्या भाषेत मिळायला हवे. त्यात आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल आणि व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असतो. त्यातला 'उरलेले हप्ते' हा आकडा वर्षातून दोनदा तरी पाहा. सहा महिन्यांत तो सहाने कमी झालेला नसेल, तर लगेच लेखी विचारणा करा.

दर उतरतात तेव्हा याच्या उलट वागावे. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला आणि डिसेंबर २०२५ मध्ये ५.२५ टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. खिसा ओढला जात नसेल तर जुनाच हप्ता चालू ठेवा आणि महिने गळू द्या.

चौथी पायरी: कर्जाच्या बाहेरचा खर्च

सदनिका ६५ लाखांची आणि कर्ज ५० लाखांचे, म्हणून पदरचे १५ लाख लागतील, असा हिशेब करून निघालेली माणसे नोंदणीच्या आठवड्यात नातेवाइकांकडे फोन करत बसतात. ३० लाखांहून अधिक आणि ७५ लाखांपर्यंतच्या कर्जात मालमत्तेच्या किमतीच्या कमाल ८० टक्के रक्कम मिळू शकते आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी फी धरली जात नाही. पुणे महापालिका हद्दीत पुरुषाच्या नावे खरेदी असेल तर स्थानिक संस्था कर आणि मेट्रो अधिभारासह मुद्रांक शुल्क ७ टक्के होते, म्हणजे ४ लाख ५५ हजार. मुंबईत ते ६ टक्के आहे. खरेदी केवळ महिलेच्या नावे असेल तर १ टक्का सवलत मिळते. इथे ती ६५ हजारांची आहे आणि पतीचे नाव जोडले की ती जाते. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम सुरू असलेली सदनिका असेल तर ५ टक्के जीएसटी, म्हणजे ३ लाख २५ हजार. बांधकाम पूर्ण झाल्याचा दाखला मिळाल्यानंतर घेतली तर जीएसटी लागत नाही. बेरीज करा: १५ लाखांचे २३ लाख १० हजार झाले. ५० लाख किंवा त्याहून जास्त किमतीच्या व्यवहारात विक्रेत्याला देताना १ टक्का टीडीएस (विक्रेत्याच्या वतीने आधीच कापायचा कर) कापून सरकारात भरावा लागतो. तो जादा खर्च नव्हे, पण भरायचा राहिला तर दंड आणि व्याज खरेदीदारावर येते.

बँकेच्या बाजूचा खर्च त्यामानाने किरकोळ असतो: प्रोसेसिंग फी आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, वकील व मूल्यांकनाचे शुल्क, आणि महाराष्ट्रात कागदपत्रे तारण ठेवल्याबद्दलचे मुद्रांक शुल्क व नोटीस ऑफ इंटिमेशनची, म्हणजे तारणाची सूचना नोंदणी कार्यालयाला देण्याची, फी. अर्धा टक्का प्रोसेसिंग फी धरली तर जीएसटीसह २९,५०० रुपये होतात. सणासुदीला ही फी माफ करतात, तेव्हा 'पूर्ण माफ' की 'निम्मी माफ' ते मंजुरीपत्रात पाहून घ्यावे.

खरा घाव विम्याचा असतो. मंजुरीच्या दिवशी सह्यांच्या गठ्ठ्यात कर्जविम्याचा अर्ज सरकवलेला असतो आणि "हप्ता वेगळा भरायचा नाही, कर्जातच धरू" असे सांगितले जाते. दीड लाखांचा एकरकमी प्रीमियम कर्जात मिळवला, तर हप्ता १,३०२ रुपयांनी वाढतो आणि २० वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार होतात. कर्ज डोक्यावर असताना आयुर्विमा हवाच, याबद्दल दुमत नाही. मात्र तो त्याच बँकेकडून, त्याच दिवशी आणि कर्जात घालून घेण्याची सक्ती नाही. स्वतंत्र टर्म विमा घेऊन त्याचे कागद बँकेला दाखवा आणि नकार लेखी द्या. घराच्या इमारतीचा आग-भूकंपाचा विमा वेगळा. तो स्वस्त असतो आणि घ्यावा.

बांधकामाधीन सदनिकेत प्री-ईएमआय हा आणखी एक न मोजलेला खर्च असतो. बिल्डरला टप्प्याटप्प्याने रक्कम जाते आणि ताबा मिळेपर्यंत उचललेल्या रकमेवर फक्त व्याज भरायचे असते. दोन वर्षे सरासरी ३० लाख उचललेले धरले, तर महिन्याला २१,२५० प्रमाणे ५ लाख १० हजार जातात आणि मुद्दल एका रुपयानेही हलत नाही. वर राहत्या घराचे भाडे चालूच असते. ताबा एक वर्ष लांबला तर हा आकडा आणखी फुगतो, म्हणून महारेराच्या, म्हणजे गृहप्रकल्पांवर देखरेख ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाच्या, संकेतस्थळावर प्रकल्पाची पूर्णत्वाची तारीख आणि ती किती वेळा पुढे ढकलली गेली, हे पाहणे हादेखील कर्जाच्या हिशेबाचाच भाग समजावा. मंजुरीच्या वेळी पहिल्या उचलीपासून पूर्ण हप्ता सुरू करण्याचा पर्याय आहे का, हेही विचारावे.

देखभाल वर्गणी, मालमत्ता कर, दुरुस्ती आणि सिंकिंग फंड (इमारतीच्या मोठ्या कामांसाठी सोसायटीने साठवायचा निधी) हे खर्च कर्ज नसले तरी येणारच. तरीही भाड्याचे घर आणि स्वतःचे घर यांची तुलना करताना ते विसरू नका. महिना ३,५०० रुपये देखभाल धरली तरी २० वर्षांत ८ लाख ४० हजार होतात.

पाचवी पायरी: की फॅक्ट स्टेटमेंट हातात घ्या

१ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या किरकोळ (रिटेल) कर्जांसाठी, ज्यात गृहकर्जही येते, की फॅक्ट स्टेटमेंट नावाचे विवरण देणे बंधनकारक आहे. त्यात दर, हप्ते, सर्व शुल्के, परतफेडीचा तक्ता आणि एपीआर, म्हणजे शुल्कांसह येणारा वार्षिक दर, एका ठिकाणी असतो. या विवरणात न दाखवलेले शुल्क पुढे तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावर न करता एपीआरवर करा. पण एक सावधगिरी बाळगा: एपीआर आजच्या दरावर काढलेला असतो, उद्याच्या रेपोची हमी त्यात नसते. म्हणून एपीआरच्या शेजारीच 'स्प्रेड' पाहा. रेपो सर्वांसाठी सारखाच वर-खाली होतो, स्प्रेड मात्र दीर्घकाळ तुमच्या मानेवर राहतो.

हप्ता थकला तर काय, हेही त्याच कागदात असते. १ एप्रिल २०२४ पासून दंड म्हणून जादा व्याजदर लावता येत नाही. दंडात्मक शुल्क आकारता येते, पण त्यावर पुन्हा व्याज चढवता येत नाही.

सहावी पायरी: करसवलतीला तिच्या जागी ठेवा

"व्याज जाते खरे, पण कर वाचतो ना," हे वाक्य प्रत्येक कार्यालयात ऐकू येते. स्वतः राहत असलेल्या घरासाठी ही सवलत जुन्या करप्रणालीतच मिळते: व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत, आणि मुद्दलावर दीड लाखाच्या मर्यादेत, ज्यात भविष्यनिर्वाह निधी आणि आयुर्विम्याचे हप्तेही मोडतात. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर काही मिळत नाही. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचे व्याज ४ लाख २१ हजार आहे. जुन्या प्रणालीत ३० टक्क्यांच्या टप्प्यात असलात तरी २ लाखांवर उपकरासह ६२,४०० रुपये वाचतील. म्हणजे व्याजापोटी दिलेल्या शंभरातले पंधरा रुपये परत आले. कर वाचवण्यासाठी कर्ज लांबवत नेणे हा तोट्याचा धंदा आहे.

सातवी पायरी: आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया

इथवर वाचून घाबरला असाल तर थोडा दिलासा देतो, कारण ५४ लाखांच्या व्याजाचा आकडा एका अर्थी फुगलेला आहे. २०० व्या महिन्यात भरायचे ४३,३९१ रुपये आजच्या ४३,३९१ इतके जड नसतील. दरसाल ६ टक्के महागाई धरून सर्व २४० हप्त्यांची आजची किंमत काढली, तर ती ६० लाख ५७ हजार येते. म्हणजे आजच्या रुपयांत ५० लाखांच्या कर्जावरचा बोजा साडेदहा लाखांच्या आसपास आहे. कर्ज घेऊन घर घ्यावे की पैसे साठवून, या वादात हा आकडा महत्त्वाचा असतो आणि तो न सांगता नुसते कोटीचे आकडे दाखवणे अप्रामाणिकपणाचे होईल. मात्र हा दिलासा तुमचा पगार महागाईबरोबर वाढत राहिला तरच खरा ठरतो. हप्ता पगाराच्या निम्म्यावर गेला असेल, तर पहिली पाच-सात वर्षे ही महागाई तुमच्या बाजूने नसून तुमच्या विरोधातच लढत असते, कारण किराणा आणि शाळेची फी तिच्याच वेगाने वाढतात.

आठवी पायरी: जादा भरणा, पण वेळेवर आणि योग्य शब्दांत

बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचे शुल्क घेता येत नाही. ठरीव दराचे कर्ज असेल तर करारातली अट पाहावी. आता दोन लाखांचा बोनस आला आहे असे धरा. तो पहिल्या वर्षाअखेरीस भरला आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत २१ महिन्यांनी घटते आणि ७ लाख २९ हजारांचे व्याज वाचते. तेच दोन लाख बाराव्या वर्षाअखेरीस भरले तर बचत १ लाख ८३ हजारांची. सुरुवातीच्या वर्षांत भरलेला रुपया उरलेली सगळी वर्षे काम करतो, म्हणून हा फरक.

इथे एक बारीक पण महाग चूक होते. काउंटरवर "प्रीपेमेंट करायचे आहे" एवढेच सांगून धनादेश दिला, तर काही ठिकाणी मुदत तीच ठेवून हप्ता कमी करतात. पहिल्या वर्षाअखेरीस भरलेल्या त्याच दोन लाखांत मग हप्ता १,७७१ रुपयांनी उतरतो, पण व्याजाची बचत ७ लाख २९ हजारांऐवजी २ लाख ४ हजारांवर येते. अर्जात स्पष्ट लिहा: "हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी." पोच घ्या आणि पुढच्या विवरणात उरलेले हप्ते मोजा.

एकरकमी जमत नसेल तर दरवर्षी एक हप्ता जादा भरण्याचा नेम ठेवा. पहिल्या वर्षापासून पाळला, तर २० वर्षांचे कर्ज १६ वर्षे ९ महिन्यांत फिटते आणि १० लाखांहून अधिक व्याज वाचते.

प्रत्येक शिल्लक रुपया कर्जात घालावा का? सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च हाताशी ठेवूनच कर्जाकडे वळावे; घरात भरलेला पैसा दवाखान्याच्या वेळी परत मिळत नाही. त्यापलीकडे बँकेत पडून असलेल्या मुदत ठेवींचा विचार करा. ७ टक्क्यांच्या ठेवीवर ३० टक्क्यांच्या टप्प्यात कर गेल्यावर हाती ४.८ टक्के उरतात आणि दुसऱ्या हाताने तुम्ही ८.५ टक्के भरत असता. "ठेव मोडायची नाही" ही आपल्या आईवडिलांची शिकवण चांगलीच होती, पण त्यांच्या डोक्यावर बहुधा ५० लाखांचे कर्ज नव्हते.

नववी पायरी: जुना ग्राहक म्हणून जास्त मोजत आहात का?

नव्या ग्राहकांना ओढण्यासाठी बँका स्प्रेड कमी करतात, जुन्यांचा मात्र तसाच राहतो. त्यामुळे एकाच इमारतीत, एकाच बँकेच्या दोन कर्जदारांच्या दरात अर्ध्या टक्क्याचे अंतर सापडते. वर्षातून एकदा आपल्या बँकेचा नव्या ग्राहकासाठीचा दर पाहा. तफावत असेल तर आधी आपल्याच शाखेत दर बदलून देण्याचा अर्ज करा. थोडे शुल्क घेऊन बरेचदा काम होते. तिथे दाद लागली नाही तरच दुसऱ्या बँकेत कर्ज हलवण्याचा विचार करावा. पाच वर्षांनी शिल्लक ४४ लाख ६ हजार असताना दर ८.५ वरून ८ वर आला आणि उरलेली १५ वर्षे तशीच ठेवली, तर हप्ता १,२८२ ने घटतो आणि एकूण २ लाख ३१ हजार वाचतात. त्यातून नव्या बँकेची प्रोसेसिंग फी, वकील, मूल्यांकन आणि पुन्हा भरावे लागणारे तारणाचे मुद्रांक शुल्क वजा करा. नवी बँक "पुन्हा २० वर्षे करून देतो, हप्ता आणखी कमी होईल" म्हणेल आणि जोडीला टॉप-अपही, म्हणजे त्याच घरावर वाढीव कर्जही, पुढे करेल. त्या क्षणी साइट ऑफिसातले ते टेबल आठवावे.

दहावी पायरी: कर्ज फिटल्यानंतरचे कागद

शेवटचा हप्ता गेला म्हणजे व्यवहार संपला असे नसते. ना-देय दाखला घ्या. मूळ करारनामा, इंडेक्स टू (दस्त नोंदणीचा उतारा), पावत्या अशी कर्ज देताना जमा केलेली कागदपत्रे यादीशी ताडून परत घ्या. ती यादी पहिल्याच दिवशी शिक्क्यासह जपून ठेवलेली असावी. संपूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत कागदपत्रे परत करणे आणि नोंदवलेला बोजा उतरवणे बंधनकारक आहे, आणि विलंब कर्जसंस्थेमुळे झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. कागदपत्रे कोठून आणि किती दिवसांत मिळतील हे मंजुरीपत्रातच लिहिलेले असायला हवे, आणि कर्जदाराचा मृत्यू झाल्यास वारसांना ती कशी मिळतील हे कर्जसंस्थेच्या संकेतस्थळावर दिलेले असायला हवे. सोसायटीच्या दप्तरात बँकेचा बोजा नोंदवलेला असेल तर ना-देय दाखल्याची प्रत देऊन तो कमी करून घ्या. स्वतंत्र घर किंवा प्लॉट असेल तर सातबाऱ्यावरच्या इतर हक्कांतली बँकेची नोंद तलाठ्याकडे अर्ज करून काढून घ्या आणि महिन्याभराने नवा उतारा काढून ती खरोखर गेली आहे का ते पाहा.